पावलांवर बूट

दिल्लीदर्शनाच्या गाडीत आम्ही नऊजण होतो. सकाळपासून एकेक ठिकाण उरकत दुपारी एका बागेत उतरलो. संध्याकाळच्या प्रार्थनेला निघालेल्या एका म्हाताऱ्या माणसाला इथे गोळ्या घातल्या होत्या. तो ज्या वाटेने चालत गेला, तिथे त्याची पावलं सिमेंटची करून ठेवली आहेत. बाग पुढेही आहे, पावलं मात्र एका जागी संपतात.

आमच्यातले एक गृहस्थ बूट घालून त्या पावलांवर पाय ठेवत चालू लागले. समोर बायको मोबाइल धरून उभी. "अहो, जरा हात जोडा ना! आणि हळू चाला!" गाइड हसत बाजूला झाला. मला शिसारी आली. एवढ्या लांब येऊन आपण बघतो तरी काय? कुणी मेलं त्या जागी आपण किती मजेत जिवंत आहोत, एवढंच?

शेवटच्या पावलावर थांबून त्यांनी विचारलं, "आलं का नीट?"

"नाही हो, मध्येच एक माणूस आडवा आला. परत एकदा चाला."

ते मागे गेले, हात जोडले आणि पुन्हा निघाले. शेवटच्या पावलावरून ते दुसऱ्यांदाही सुखरूप परत आले.