गुलाबी ऑइल पेंट

नव्वदच्या दशकात आम्ही घणसोलीला राहायला गेलो आणि आमच्या पाच वर्षांच्या लेकीला स्वतःची खोली मिळाली. गुलाबी रंग तिने निवडला, ऑइल पेंट ह्यांनी. पोरगी भिंती रंगवणार, तेव्हा पुसता आलं पाहिजे, असं त्यांचं म्हणणं. वास जाईपर्यंत खिडक्या सताड उघड्या आणि तिला आत झोपवायचं नाही, हे माझं. आदल्या हिवाळ्यात तिची छाती शिट्टीसारखी वाजायची, तो आवाज मी विसरले नव्हते. रंगारीही माझ्याच बाजूने बोलला. ह्यांनी मात्र कांदे चिरून ताटलीत ठेवले, कांदा वास ओढतो म्हणून. मार्केटात कांद्याच्या गाळ्यावर काम करणाऱ्या माणसाशी कांद्यावरून कोण वाद घालणार? खोलीला रंगाचा वास होताच, आता भेळेचाही आला.

बाहेरचा वास वेगळा. संध्याकाळी महाप्याकडून केमिकल कंपन्यांचा वास सुटला की अख्खी बिल्डिंग धडाधड खिडक्या लावून घ्यायची. लेकीलाही आम्ही ते शिकवलं होतं आणि ती हे काम फार मन लावून करायची.

एका दुपारी मी गच्चीवरचे पापड काढून खाली आले, तर बाईसाहेब नव्या खोलीत बाहुलीसकट आडव्या. खिडक्या कडी घालून बंद. छाती वाजत होती.

"खिडकी कुणी लावली?"

"मी. वास आला ना, आई."

रागवायला जागाच नव्हती. तिला उचलून मी दवाखान्यात पळाले. डॉक्टरांनी औषध दिलं आणि श्वास मोकळा होईपर्यंत बसवून ठेवलं. तोवर हेही गाळ्यावरून धावत आले. कदाचित कांदे कमी पडले, असं म्हणाले. निघताना डॉक्टरांनी बजावलं, आज हिला मोकळ्या हवेत ठेवा.

आम्ही रस्त्यावर आलो तेव्हा दिवे लागत होते, आणि तेवढ्यात तो वास आला. समोरच्या बिल्डिंगच्या खिडक्या एकेक करून लागल्या. घरात रंगाचा वास, बाहेर हा; आता हिला न्यायचं कुठे?

लेकीने बाबांच्या खांद्यावरून मान वर केली.

"बाबा, खिडकी लावा ना."

ह्यांनी तिचं तोंड आपल्या शर्टात झाकलं आणि खाडीवरच्या मोकळ्या वाऱ्याच्या दिशेने भराभर चालू लागले. मी मागून तिच्या पाठीवर हात ठेवून चालत राहिले.