खिडक्या लावून केलेलं भानोलं

तळपदेबाई कांदा चिरायला घेण्याआधी घरातल्या सगळ्या खिडक्या लावून घ्यायच्या. आधी स्वयंपाकघराची, मग हॉलची, मग बाल्कनीचं सरकतं दार. त्यानंतर एक जुना टॉवेल ओला करून, पिळून, मुख्य दाराखालच्या फटीत आतून दाबून बसवायच्या. देवापुढे चंदनाची उदबत्ती लागायची. एवढं सगळं झालं की मग फ्रिजमधून खिम्याची पिशवी बाहेर यायची. पहिल्या रविवारी मला वाटलं होतं, बाईंकडे काही पूजा आहे.

मी तेव्हा कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होते. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. बाबा भाईंदरला स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात पॉलिशचं काम करतात. आई घरी बसून इमिटेशनच्या हारांना खडे चिकटवते. दहावीपर्यंत मराठी शाळेत मी हुशार समजली जायचे. कॉलेजात इंग्रजीच्या पहिल्याच परीक्षेत नापास झाले. बाबांच्या ओळखीचा एक वॉचमन मीरा रोडच्या एका सोसायटीत होता. त्याने सांगितलं की आमच्या बिल्डिंगमध्ये एक रिटायर टीचर राहतात, गिरगावातल्या शाळेत इंग्रजी शिकवायच्या, विचारून बघ.

मी भीत भीत बेल वाजवली. दारात कडक इस्त्रीच्या सुती साडीतल्या बाई. मी पाठ करून आणलेलं इंग्रजी वाक्य अर्ध्यातच अडकलं. बाई म्हणाल्या, "मराठीत बोल, राजा. घाबरायचं असेल तर आपल्या भाषेत घाबरावं." फीचं विचारलं, तर म्हणाल्या, "फी नको. रविवारी सकाळी येत जा आणि मला कांदा चिरून देत जा. माझं मनगट आता ऐकत नाही."

त्या मुलामुलींना सगळ्यांनाच 'राजा' म्हणायच्या. रागावल्या तरी राजाच.

भानोलं हा शब्द मी त्यांच्याकडेच पहिल्यांदा ऐकला. बाई पाठारे प्रभू, हा त्यांच्या घरचा पदार्थ. दिसायला केकसारखा, चवीला झणझणीत. खिमा आलं-लसणावर परतायचा, त्यात बारीक चिरलेला भरपूर कांदा, हिरवी मिरची, कोथिंबीर आणि त्यांच्या घरचा सांबार मसाला. मग बेसन, थोडी तांदळाची पिठी, फेटलेली अंडी आणि तेल. तेल घालताना हात अजिबात आखडायचा नाही. पूर्वी म्हणे पातेल्याच्या खाली आणि झाकणावर निखारे ठेवून भाजायचे. बाईंकडे अॅल्युमिनियमचा गोल ओव्हन होता. त्याच्या झाकणाला मधोमध काच होती, आणि बाई त्या काचेतून आत वाकून बघायच्या.

माझी घाई त्यांना चालत नसे. खिमा परतताना पाणी सोडतो. मी लगेच मसाल्याचा डबा उघडायचे, की त्या माझा हात धरायच्या. "आधी पाणी आटू दे, राजा. ओल्या खिम्याचं भानोलं उभं राहत नाही." मग भानोलं ओव्हनमध्ये गेलं की मी इंग्रजी वाचायचे. प्रश्न विचारला आणि मी घाईने काहीतरी बोलायला लागले, की त्या काचेवरून नजर न काढता तेच म्हणायच्या, "पाणी आटू दे. मग बोल."

एकदा त्यांनी मला 'माझं घर' यावर इंग्रजीत निबंध लिहायला सांगितला. मी लिहिलं, आमच्या घराला मोठी बाल्कनी आहे, पुढे बाग आहे, बागेत गुलाब आहेत. बाईंनी वाचलं, चष्मा काढला.

"तुझ्याकडे बाग आहे?"

"नाही."

"बाल्कनी?"

"नाही, बाई."

"मग हे कुणाचं घर लिहिलंस? चुकीचं इंग्रजी मी सुधारू शकते, राजा. खोटं घर मला सुधारता येत नाही."

मी पुन्हा लिहिलं. भाईंदरच्या गोडदेवमधली एक खोली, मोरीवर पडदा, लादीवर सांडलेले आईचे खडे, बाबांच्या नखांतलं काळं, संध्याकाळी सुकट भाजल्याचा वास. त्या निबंधात खूप लाल रेघा आल्या, पण खाली बाईंनी लिहिलं होतं, 'आता मला तुझं घर दिसलं.'

त्यानंतर मला धीर आला असेल, मी खिडक्यांबद्दल विचारलं. बाई म्हणाल्या, "हा फ्लॅट बघायला आलो तेव्हा एजंटने विचारलं, आप लोग नॉनवेज तो नहीं खाते? माझा मुलगा म्हणाला, नहीं नहीं, प्युअर व्हेज. मी शेजारीच उभी होते. मुलगा बदली होऊन पुण्याला गेला. त्याचं वाक्य सांभाळायला मी राहिले इथे."

आणि हसल्या. मीही हसले.

समोरच्या फ्लॅटमध्ये हंसाबेन राहायच्या. बाईंच्याच वयाच्या. बाई एकदा बाथरूममध्ये पडल्या, तेव्हा कित्येक दिवस हंसाबेननीच त्यांना खिचडी भरवली, वेणी घालून दिली. हे बाईंनीच मला सांगितलं होतं. त्यामुळे त्या टॉवेलमागे नुसती भीती नव्हती, असं मला वाटतं. ज्या बाईने आपल्याला हाताने भरवलं, तिच्याशी रोज खोटं वागायची लाज त्यात होती. दोन्ही नीट वेगळं करता येत नाही.

एका रविवारी भानोलं ओव्हनमध्ये होतं, वरून लाल व्हायला आलं होतं. बेल वाजली. बाईंनी घाईने टॉवेल पायाने बाजूला सारला आणि दार उघडलं. हंसाबेन वाटीत कढी घेऊन उभ्या. त्यांचं नाक आपसूक आक्रसलं.

"तळपदेबेन, कुछ जलता है क्या? कैसा बास आता है."

 बाईंची नजर टेबलावर गेली. तिथे आईने भरून दिलेला माझा डबा होता.

"ये लडकी का डिब्बा है, हंसाबेन," बाई म्हणाल्या. "गोडदेवसे आती है ना. उन लोगोंमें चलता है. मैंने बोला उसको, इधर मत खोल."

मी ओट्याजवळ उभी होते, हातात कोथिंबिरीच्या काड्या. हंसाबेन माझ्याकडे वळल्या. रागावल्या नाहीत, उलट फार मायेने बोलल्या.

"कोई बात नहीं, बच्ची है. बेटा, आगे से नीचे गार्डन में बैठके खाना, हां? ऊपर भगवान का घर है सबका."

"हो आंटी," मी म्हणाले.

दार लागलं. ओव्हनची काच पूर्ण धुरकटली होती. बाईंनी भानोलं काढलं, वड्या पाडल्या, मला ताटलीत दोन दिल्या. स्वतः घेतलं नाही. मी खाल्लं. चव काय होती, आठवत नाही. नंतर त्यांनी माझा त्या आठवड्याचा निबंध तपासायला घेतला, बराच वेळ हातात धरला आणि परत दिला. घरी येऊन उघडला, तर त्यात एकही लाल रेघ नव्हती. चुका होत्या. मलासुद्धा दिसत होत्या.

पुढच्या रविवारी मी गेले नाही. त्याच्या पुढच्याही नाही. आईला सांगितलं, जादा लेक्चर्स आहेत. मला राग आला होता का? खरं तर राग आला असता तर बरं झालं असतं. मला फक्त कसंतरी होत होतं, आणि ते कसंतरी म्हणजे काय, ते एका संध्याकाळी कळलं. आई तव्यावर सुकट भाजत होती. मी उठले आणि खिडकी लावून घेतली.

"काय गो दीक्षे, खिडकी कशाला लावलीस?" आई ओरडली. "जीव घुसमटतोय माझा हितं. कोण येतंय तुझा वास घ्यायला?"

आई बोलली ते हसण्यावारी. पण मी खिडकी उघडली नाही. माझ्याच घरात, माझ्याच आईच्या तव्याची मला लाज वाटली होती. ती लाज मी बाईंच्या घरून घेऊन आले होते.

मग एका शनिवारी बाईंचा फोन आला. 'कशी आहेस' वगैरे काही नाही. "उद्या ये. मला एक जड वस्तू खाली न्यायची आहे. एकटीला जमणार नाही."

मी गेले. लिफ्टचं दार उघडलं तोच वास आला. सांबार मसाल्याचा, तळलेल्या कांद्याचा, खिम्याचा. सगळ्या मजल्यावर. बाईंचं दार सताड उघडं होतं. आतल्या खिडक्या उघड्या, पडदे उडत होते. उदबत्ती नव्हती. बाई तीच कडक साडी नेसून उभ्या होत्या आणि टेबलावर मोठ्या थाळ्यात भानोलं होतं, झाकण न घातलेलं.

"धर एका बाजूने," त्या म्हणाल्या. 

आम्ही दोघी थाळा धरून बाहेर आलो, आणि बाईंनी कोपराने समोरची बेल दाबली. हंसाबेननी दार उघडलं. थाळ्याकडे पाहिलं, मग बाईंकडे.

"हंसाबेन," बाई म्हणाल्या. शब्द नीट येत नव्हते. त्या थांबल्या, पाणी आटू दिल्यासारख्या, आणि मग बोलल्या. "ये मेरे घर का है. उस दिन भी मेरे घर का था. इस लडकी के डिब्बे में उस दिन बटाटे की भाजी थी. इसने डिब्बा खोला भी नहीं था."

मला वाटलं, आता हंसाबेन दार आपटतील. त्यांनी पदराचं टोक नाकाला लावलं, पण दार धरूनच उभ्या राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, "मालूम था, बेन. हर इतवार को चंदन की अगरबत्ती. मैं क्या समझती नहीं?"

"मालूम था?" बाई म्हणाल्या. "फिर इसको क्यूं बोला, नीचे बैठके खा?"

हंसाबेन माझ्याकडे बघायला गेल्या आणि त्यांना बघता आलं नाही. "आपको कैसे बोलती," एवढंच म्हणाल्या.

त्या पॅसेजमध्ये आम्ही तिघी होतो आणि कुणीच कुणाकडे बघत नव्हतं. तेव्हा मला समजलं ते मी अजून कुणाला सांगितलेलं नाही. त्या रविवारी खरं काय ते तिघींनाही माहीत होतं. आणि तो वास माझ्या डब्यात ठेवणं तिघींनाही सोपं वाटलं होतं. मलासुद्धा. म्हणून तर मी इतक्या पटकन 'हो आंटी' म्हणाले.

तिथूनच खाली उतरून बाई माझ्याबरोबर रिक्षात मांडीवर थाळा घेऊन आमच्या घरी आल्या. आईची धांदल उडाली. तिने खड्यांचा पसारा चादरीखाली ढकलला. बाई म्हणाल्या, "राहू द्या हो. मी तुमचं घर आधी वाचलेलं आहे." लादीवरच बसल्या. आईने एक वडी तोंडात टाकली आणि म्हणाली, "बाय माझी, ह्ये तर मटणाचं थालीपीठ!" बाई इतक्या हसल्या की त्यांना चष्मा काढून डोळे पुसावे लागले. बराच वेळ पुसत होत्या. माफी हा शब्द त्यांनी उच्चारला नाही. जाताना माझी वही मागून घेतली, आणि तो कोरा परत दिलेला निबंध तिथेच बसून तपासला. रेघांनी पान लाल झालं.

पुढे बाई मुलाकडे पुण्याला राहायला गेल्या. सामान निघालं त्या दिवशी हंसाबेन लिफ्टपाशी उभ्या होत्या, हातात ठेपल्यांचा डबा. दोघी एकमेकींना धरून रडल्या. बाईंनी रविवारची गोष्ट काढली नाही, त्यांनीही नाही. माझ्या डोक्यावरून हंसाबेननी हात फिरवला, आणि हात लगेच काढून घेतला.

परवा मी घरी पहिल्यांदा एकटीने भानोलं केलं, आईच्या जाड पातेल्यात, झाकणावर निखारे ठेवून. पाणी आटेपर्यंत थांबले. भाजून होत आलं तेव्हा बाईंचा फोन आला. काय चाललंय विचारलं. मी सांगितलं. त्या खूश झाल्या. मग जरा थांबून विचारलं, "खिडकी उघडी आहे ना, राजा?"

"हो, बाई," मी म्हणाले.

आणि फोन कानाला तसाच ठेवून उठले, आणि उघडली.