एकसष्टावं वर्ष ताईचं

लिफ्टवाल्यांना आयुष्यात कोणी घाईत पाहिलं नाही. चौतीस वर्षं त्यांनी लोकांच्या लिफ्ट दुरुस्त केल्या. दोन मजल्यांच्या मध्ये लिफ्ट अडकलेली, आत बाई किंचाळतेय, बाहेर तिचा नवरा तिच्याहून मोठ्यांदा किंचाळतोय, आणि हे आपले पिशवी खाली ठेवणार, चष्मा पुसणार, दाराच्या फटीला तोंड लावून विचारणार, "किती जण आहात? बसून घ्या. मी आलोय." बायको म्हणायची, "घराला आग लागली तरी आमचे हे आधी तिची चौकशी करतील." असा हा माणूस साठी उलटल्यावर रोज कॉम्प्युटरवर गेम खेळायचा म्हटलं तर शेजारीपाजारी हसायचे. हसू देत. खेळायचा, आणि एकटा नव्हे, भावंडांबरोबर खेळायचा.

भावंडं तीन. सगळ्यांत मोठी ताई, टेलिफोन ऑफिसात ऑपरेटर होती. मधले हे. आणि धाकटा, ज्याचं चष्म्यांचं दुकान आहे आणि ज्याला एका जागी दोन मिनिटं बसवत नाही. तिघं तीन गावांना. गेमचं खूळ मुळात ताईचं. तिच्या ऑफिसात पहिला कॉम्प्युटर आला तेव्हा बाकीचे त्याच्यावर कापड झाकून ठेवायचे, आणि ही जेवणाच्या सुट्टीत त्यावर ठोकळे रचायची. मग तिनं फ्लॉपीवर गेम भरून भावांना पाठवायला सुरुवात केली. पुढे सीडी आल्या. त्या ती बुटांच्या खोक्याच्या पुठ्ठ्यात घालून, वर दोऱ्यानं आवळून कुरिअर करायची. एकदा एक सीडी तडकून आली, तर लिफ्टवाले तासभर ती उजेडाला धरून बसले होते. जणू लिफ्टमध्ये बाई अडकलीय, आता तिचं काय होणार, असा चेहरा. बाई कुठली, गेममधली आगगाडी होती हो!

मग सगळं ऑनलाइन झालं आणि ताईनं नवीच शक्कल काढली. तिच्या खात्यावर गेम विकत घ्यायचा, आणि दोघा भावांना त्या खात्याच्या 'कुटुंबा'त जोडून घ्यायचं. एकानं घेतलेला गेम घरातल्या सगळ्यांना खेळता येतो. फक्त एक मेख होती. प्रत एकच. एक जण खेळत असला की दुसऱ्याला दार बंद, नुसती पाटी दिसणार, 'अमुक खेळत आहे'. पहिल्या महिन्यात दोघे भाऊ त्यावरून हमरीतुमरीवर आले. साठीकडे झुकलेले दोन बाप्ये, फोनवर, "तू उठ आधी!" "तू उठ!" ताईनं दोघांना फैलावर घेतलं. म्हणाली, "गाव वसवायचा गेम आहे ना? मग एकच गाव, तिघांचं. पहिलं वर्ष माझं, दुसरं तुझं, तिसरं त्याचं, मग पुन्हा माझं. आपलं वर्ष झालं की तेव्हाच्या गावाची प्रत वर्षाचा नंबर घालून ठेवायची आणि पुढच्याला फोन करायचा. दुसऱ्याच्या वर्षाला हात लावलात तर याद राखा."

झालं. तेव्हापासून गाव वाढत होतं. गेममधलं एक वर्ष खेळायला आठवडाभर लागायचा. ताई पाण्याच्या पाइपांपासून सुरुवात करणार. लिफ्टवाले दोन मजल्यांच्या वर एक इमारत बांधणार नाहीत. "जन्मभर वर-खाली केलंय, माझ्या गावात जिने," असं म्हणायचे. धाकटा आपल्या वर्षात काय करील नेम नाही. एकदा त्यानं चारशे वस्तीच्या गावाला विमानतळ दिला होता. आणि त्यानंतरचं ताईचं अख्खं वर्ष तो विमानतळ निस्तरण्यात गेलं, फोनवर त्याचा उद्धार करत करत.

साठावं वर्ष धाकट्यानं संपवलं, ताईला फोन केला, आणि तिसऱ्या दिवशी सकाळी ताई स्वयंपाकघरात कोसळली.

उजवं अंग गेलं. वाचा गेली. भाची, म्हणजे ताईची मुलगी, तिला उपचार केंद्रात घेऊन गेली. तिथं तिला दिवसातून दोनदा व्यायाम द्यायचे, बोटं हलवायला लावायचे, चित्रं दाखवायचे. ताईचे डोळे उघडे असायचे, पण माणसाच्या आरपार बघायचे. डॉक्टर म्हणाले, आत किती पोचतंय सांगता येत नाही. लिफ्टवाले तीनदा जाऊन आले. तिच्या डाव्या कानाशी तोंड नेऊन म्हणाले, "ताई, मी आलोय." आतून काही आवाज आला नाही. चौतीस वर्षांत असं कधी झालं नव्हतं. बाहेर येऊन ते बाकावर बसले ते उठेचनात. शेवटी भाचीनं हाताला धरून उठवलं.

एक महिना गेला, दोन गेले, पाच गेले. गाव साठाव्या वर्षावर थांबलेलं. धाकटा एकदा म्हणाला, "दादा, ताईची पाळी सोडून पुढे जाऊ या का?" लिफ्टवाल्यांनी फोनच ठेवून दिला. पण रोज सकाळी चहाचा कप घेऊन ते कॉम्प्युटर लावायचे, गेमच्या चित्राकडे बघायचे, आणि बंद करायचे.

आणि एका सकाळी त्या चित्राखाली पाटी होती. 'ताई खेळत आहे.'

लिफ्टवाल्यांनी कप खाली ठेवला. त्यांनी चष्मा काढला, पुसला, घातला. पाटी तिथंच. "अगं, इकडे ये," त्यांनी बायकोला हाक मारली, "ताई खेळतेय गं!" बायको पिठाच्या हातांनी धावत आली. दोघं त्या तीन शब्दांकडे बघत राहिली.  मग त्यांनी भाचीला फोन लावला.  "बाळ, तुझी आई... तिला कॉम्प्युटर दिलास का गं? ती खेळतेय!"

 पलीकडून भाची म्हणाली, "मामा, आई माझ्यासमोर आहे. नर्स तिचं अंग पुसतायत."

काय होतं ते कळायला लिफ्टवाल्यांना वेळ लागला नाही. ताईचं खातं उघडून देणारा धाकटा. पासवर्ड त्यालाच ठाऊक. फोन लावला तर त्यानं आढेवेढे घेतले नाहीत. "दादा, चुकलं माझं. मला वाटलं, तिचं एक वर्ष तिच्या नावानं खेळून टाकावं, म्हणजे गाव थांबायचं नाही. तुला वाईट वाटू नये म्हणून बोललो नाही."

"एक वर्ष?"

"बसलो एका वर्षासाठीच. मग... राहवेना रे. अकरा झाली."

अकरा! एकसष्टपासून एकाहत्तरपर्यंत. लिफ्टवाले आयुष्यात इतके कधी ओरडले नव्हते. "तू ताईची पाळी खाल्लीस! ती जिवंत आहे रे, गाढवा!" खिडकीतलं कबुतर उडालं. बायको पिठाचे हात तसेच धरून उभी होती.  पुढचे पंधरा दिवस भावाभावांत बोलणं नाही, आणि लिफ्टवाल्यांनी कॉम्प्युटरचं तोंड पाहिलं नाही.

सोळाव्या दिवशी भाचीचा फोन आला.  केंद्रात खाटा थोड्या, रांग मोठी. येत्या शुक्रवारी तिथली मंडळी ठरवणार होती, की ताईचे व्यायाम पुढे चालू ठेवायचे की थांबवायचे. जो पेशंट स्वतःहून काही करायला बघतो त्याचेच चालू राहतात. ताई काहीच करत नव्हती. हात उचलून द्यावा, तो तसाच राहायचा. "थांबवले तर मग नुसतं झोपवून ठेवायचं, मामा. जेवण, औषध, झोप. व्यायाम घेणाऱ्या मॅडम म्हणाल्या, आत कोणी आहे एवढं तरी दिसायला हवं."

लिफ्टवाल्यांनी पिशवी भरली. हत्यारांच्या जागी लॅपटॉप, चार्जर आणि माऊस घातला. निघताना बायको म्हणाली, "अहो, धाकट्यालाही सांगा. तिचा तोही भाऊच आहे." तोंड वाकडं करून का होईना, त्यांनी सांगितलं. धाकट्याला दुकान सोडून येणं जमेना, तर भाचीच्या मोबाईलवर व्हिडिओ कॉलवर राहायचं ठरलं.

शुक्रवारी सकाळी अकराला खोलीत चार जणं होती. खुर्चीत उशांच्या आधारानं ताई, शेजारी भाची, समोर वही घेऊन व्यायामाच्या मॅडम, आणि लिफ्टवाले. मोबाईल पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा केलेला, त्यात धाकट्याचं तोंड. लिफ्टवाल्यांनी ताईपुढे टेबल सरकवलं, माऊस डाव्या बाजूला ठेवला, तिचा डावा हात उचलून त्यावर ठेवला. "ताई, तुझी पाळी आहे," एवढंच म्हणाले आणि गेम सुरू केला.

गाव उघडलं आणि ते चमकून पुढे वाकले. एकाहत्तरावं वर्ष! रागाच्या भरात साठाव्या वर्षाची जुनी प्रत लावायची राहूनच गेली होती. पडद्यावर धाकट्याच्या अकरा वर्षांचा कारभार पसरलेला, तीन विमानतळ, नदीवर सात पूल. त्यांनी हात पुढे केला, तेवढ्यात मॅडम म्हणाल्या, "राहू द्या. हात लावू नका. त्या बघतायत."

ताई खरोखर बघत होती. आरपार नाही, पडद्याकडेच. एक मिनिट, दोन मिनिटं.  आणि पडद्यावरचा बाण हलला.

जरासा हलला, थरथरत. भाचीनं तोंडावर हात घेतला. बाण कोपऱ्याकडे सरकला, घसरला, परत गेला. दहा वेळा चुकला असेल.  बाण कोपऱ्यातल्या खुणेवर जाऊन बसला आणि एक यादी उघडली. जुन्या वर्षांची यादी. एकाखाली एक नुसते आकडे, चित्र नाही, नाव नाही. ताईचं बोट माऊसच्या चाकावर होतं. एकाहत्तर, सत्तर, एकोणसत्तर. आकडे सरकत गेले. पासष्ट. बासष्ट. साठ. एकोणसाठ. अठ्ठावन्न.

तिथं बोट थांबलं. ते पुन्हा वर आलं. एकोणसाठ. साठ. आणि तिनं दाबलं.

तीन विमानतळ, सात पूल, सगळं एका क्षणात गेलं. मोबाईलमधून धाकटा हताश होऊन म्हणाला, "अरेरे, सगळं पुसलं तिनं. दादा, तिला नाही कळत रे. काय दाबतेय तेच कळत नाही तिला." मॅडमनी उतरल्या चेहऱ्यानं वहीत काहीतरी लिहायला घेतलं. भाची खिडकीकडे वळली.

"थांबा," लिफ्टवाले म्हणाले. आवाज इतका हळू होता की मॅडमनी पेन वहीवरून उचललं. "मॅडम, लिहू नका. एक मिनिट. तुम्हाला ठाऊक नाही हे." आणि त्या संथ माणसाच्या तोंडून शब्द एकमेकांना ढकलत बाहेर पडायला लागले. आमच्या पाळ्या कशा आहेत, साठावं वर्ष या गाढवानं संपवलं, एकसष्टावं ताईचं होतं, त्याच आठवड्यात ती पडली, आणि पुढची अकरा वर्षं यानं तिच्या नावावर खेळली. "तिला हे कोणी सांगितलेलं नाही. तुम्हाला ठाऊक नव्हतं. भाचीला हा खेळला एवढंच ठाऊक, किती खेळला ते नाही. पडल्यापासून ताईनं आज गाव पहिल्यांदा पाहिलं. पाहिलं, आणि हे आपण केलेलं नाही हे तिला कळलं. मग मागे गेली. जरा जास्तच मागे गेली म्हणून परत वर आली. एकाहत्तर आकड्यांतून तिनं साठ काढलं, मॅडम! जिथून तिची पाळी सुरू होते, बरोब्बर तिथून!"

 मोबाईलमध्ये धाकट्याचा आ वासलेला. मॅडम खुर्चीवरून उठून ताईच्या मागे येऊन उभ्या राहिल्या, वही बाजूला ठेवून. इतकी वर्षं त्या हे काम करत होत्या, पण त्यांचेही डोळे पडद्यावरून हलेनात. पडद्यावर बाण थरथरत नदीपाशी गेला होता, आणि तिथून एक निळी रेघ निघाली होती. अडखळत, वाकडीतिकडी, दोनदा पुसून परत काढलेली. पाण्याचा पाइप. नदीपासून वस्तीपर्यंत. एवढी एक रेघ काढायला ताईला पाव तास लागला, आणि पाव तास खोलीतलं कोणी हललं नाही.

"ताई," मोबाईलमधून धाकटा रडक्या आवाजात म्हणाला, "माझी अकरा वर्षं गं..."

ताईनं मान वळवली नाही. पण तिच्या ओठाची डावी बाजू वर गेली. उजवी गेली नाही, डावीच गेली, पण तेवढीही पुरेशी होती. हे हसणं भावंडांनी साठ वर्षं पाहिलं होतं. धाकट्याला खिजवताना ती अशीच हसायची. भाचीनं आईच्या मांडीवर डोकं ठेवलं आणि हुंदके द्यायला लागली. मॅडमनी वही परत घेतली, आधीचं खोडलं, आणि मोठ्या अक्षरात लिहिलं, 'व्यायाम चालू.'

ताईचा हात माऊसवरून सुटला. तिला घाम फुटला होता. तिनं डोळे वळवून लिफ्टवाल्यांकडे पाहिलं, सरळ त्यांच्या डोळ्यांत. मग दोन बोटांनी माऊस त्यांच्याकडे ढकलला. जेमतेम इंचभर.

लिफ्टवाल्यांनी तो परत तिच्या बोटांखाली ठेवला. "वर्ष संपलं नाही तुझं अजून," ते म्हणाले. "अकरा महिने बाकी आहेत. रोज एवढं एवढं खेळ. आणि मला घाई करू नकोस, मला आत्ता काही दिसत नाहीये."