पाठीवरचं पाणी

मुलांनो, आपल्या चंदीगडच्या घरी वरच्या मजल्यावर राहणाऱ्या आजोबांइतका पाण्याचा वैरी मी उभ्या जन्मात पाहिला नाही. मूळचा साताऱ्याचा हा माणूस डेराबस्सीच्या औषधांच्या कारखान्यात आयुष्यभर ओल्याचं कोरडं करत राहिला आणि निवृत्त झाल्यावर तीच विद्या घेऊन स्वयंपाकघरात शिरला. दर उन्हाळ्यात ते हिमालयात ट्रेकला जात, आणि डोंगरात सॅक जड होते ती जेवणातल्या पाण्याने, हा त्यांचा सिद्धांत. मला म्हणत, "वहिनी, पाणी तिथं झऱ्याला मिळतं. ते घरून पाठीवर कशाला न्यायचं?" मग मे महिन्याच्या उन्हात गच्चीवर ताटंच ताटं. शिजवलेलं वरण, मटकीची उसळ, पिठलंसुद्धा पातळ पसरलेलं, आणि कबुतरं हाकलायला त्यांची बायको, म्हणजे सगळ्यांच्या काकू. तो चुरा चिमटीत धरून त्या म्हणायच्या, "अहो, ही आमटी आहे की तुमच्या कंपनीची पावडर?" निघायच्या दिवशी त्या सॅकमध्ये लोणच्याची बाटली खुपसत आणि आजोबा ती काढून ठेवत. एका वर्षी घाईत त्यांनी राजमा न शिजवता तसाच नेला. त्या उंचीवर तो काही केल्या मऊ होईना. गॅस संपला, राजमा टणक तो टणकच. परत आल्यावर हिरमुसून म्हणाले, "खाणं हलकं केलं, पण पुढच्या वेळी गॅस दुप्पट न्यावा लागेल!"

मला हा सगळा म्हातारपणीचा छंद वाटे. एकदा गच्चीवर काकू नसताना ते हळूच म्हणाले, "हिला मनालीच्या वरची एक खिंड दाखवायचीय. आजवर तिनं फोटोच पाहिलेत. तिच्या गुडघ्यांना ओझं झेपत नाही, म्हणून दोघांचं सामान माझ्या एका सॅकमध्ये बसवतोय. तिनं नुसतं हात हलवत चालायचं." दरवर्षी ते काकूंना सांगत, "अजून थोडं हलकं होऊ दे, मग नेतो." त्या म्हणत, "असू दे हो जड, निघू या." ते ऐकत नसत.

यंदा सगळं बसलं. एक सॅक, दोघांचं जेवण. पण काकू आता कठडा धरून आपला एक जिनासुद्धा कशाबशा उतरतात. डॉक्टरांनी चढ कायमचा बंद केलाय. मी म्हटलं, "भाऊजी, तुम्ही तरी जाऊन या."

पुड्या सॅकमधून काढता काढता ते म्हणाले, "एकट्याचं काय, वहिनी? एकट्यानं मी ओला भातसुद्धा नेला असता."

तेवढ्यात काकूंनी आतून विचारलं, "चहा टाकू ना?" आम्ही दोघंही जरा जास्तच मोठ्याने हो म्हणालो.