दाजींच्या माजघरातलं ऊन

सूर्याशी घरगुती भांडण असलेला एकच माणूस मी आयुष्यात पाहिला, आणि तो नेमका आमच्या आक्काचा नवरा निघाला. महाडच्या पेठेत त्यांचं कंदिलांचं दुकान होतं. कंदील, काचा, वाती, आरसे, सगळं मिळायचं. संध्याकाळ झाली की निम्म्या तालुक्यात दाजींच्याच दुकानातला माल पेटायचा. पण त्या दुकानामागचं त्यांचं स्वतःचं माजघर इतकं काळोखं, की पहिल्यांदा गेलो तेव्हा मी त्यांच्या आईला नमस्कार करतोय असं समजून पिठाच्या डब्यापुढे वाकलो होतो. पेठेतली घरं एकमेकांना खेटून उभी. पुढे दुकान, मागे स्वयंपाकघर, त्यामागे परस, दोन्ही अंगांना शेजाऱ्यांशी सामाईक भिंती, डोक्यावर लाकडी माळा, आणि या सगळ्यांच्या मधोमध ते माजघर. खिडकी काढायची म्हटलं तरी काढणार कुठे? आणि आमची आक्का वर डोंगरातल्या कुडपणची. तिथे सकाळी दार उघडलं की ऊन कुणाला न विचारता थेट चुलीपर्यंत येतं.

लग्नानंतरच्या पहिल्या आषाढात आक्का माहेरी आली ती परत जायचं नावच घेईना. दाजी तिला न्यायला आले, तेही पोलादपूरपासून डोंगर चढत, भर पावसात, उलट्या झालेल्या छत्रीसकट. ओटीवर सगळी वडीलधारी मंडळी बसलेली. आक्का दारातनं म्हणाली, "मी नाय जायची. तिथं भर दुपारी कंदील लावून तांदूळ निवडायला लागतात. दिवस कधी उगवला नि कधी मावळला, काय कळत नाय." बा संतापला. आता जावई काय बोलतो म्हणून आम्ही सगळे त्यांच्याकडे बघू लागलो, तर हा माणूस धोतराचा सोगा पिळत शांतपणे म्हणतो, "बरोबर आहे तिचं." मग सगळ्यांसमोर त्यांनी शब्द दिला की मी त्या खोलीत सूर्य आणीन, आणि नाही जमलं तर मीच हिला इथे आणून सोडीन. आक्काने विचारलं, "कधी?" दाजी म्हणाले, "दिवाळीपर्यंत." कुठल्या दिवाळीपर्यंत ते मात्र बोलले नाहीत. ही गोष्ट मी तेव्हाच टिपून ठेवली होती. मला हा माणूस पहिल्यापासूनच जरा चक्रम वाटत होता, आणि बहीण परत आली तर तिच्यासाठी ओटीवरची माझी जागा जाणार होती.

त्या शब्दावर आक्का परत नांदायला गेली, आणि तेव्हापासून दाजींना दुसरा विषय राहिला नाही. कुणाच्याही घरी गेले की माणसांच्या आधी आढ्याकडे बघायचे. मुलगी बघायच्या कार्यक्रमाला मध्यस्थ म्हणून नेलं, तर मुलीला "स्वयंपाक येतो का?" विचारायच्या ऐवजी "तुमच्या स्वयंपाकघरात ऊन केव्हा येतं?" असं विचारून आले. समाचाराला गेले तरी डोळे पुसता पुसता हळूच "ही खिडकी नंतर काढली का?" म्हणून चौकशी करायचे. मी तेव्हा कापडे गावच्या शाळेत शिक्षक होतो. सुट्टीच्या दिवशी महाडला गेलो की दुकानातलं गिऱ्हाईक तसंच ताटकळत ठेवून मला आत न्यायचे. "मास्तर, उजेड म्हणजे फुकटचा माल आहे. त्याला आत यायची वाट तेवढी पाहिजे." मी म्हणायचो, वाट म्हणून तर नाही ना, दाजी. ते म्हणायचे, "तेच तर म्हणतोय मी." अशा माणसाशी वाद घालून उपयोग नसतो.

पहिल्या दिवाळीला त्यांनी माजघराला स्वतः चुना काढला. चुना पांढराशुभ्र दिसावा म्हणून त्यात नीळ घातली, आणि हात सैल पडला. खोली उजळली नाहीच, निळी मात्र झाली. कंदिलाच्या उजेडात आक्का, दाजी, दाजींच्या आई, सगळे असे दिसायचे की येणारा जाणारा "कुणाला बरं नाही का?" असंच विचारायचा. आक्का पाडव्याला ओवाळताना म्हणाली, "आलं का ऊन?" दाजी म्हणाले, "येतंय." पुढे हे दर पाडव्याचं ठरूनच गेलं. ती विचारायची, ते "येतंय" म्हणायचे, आणि मी मनातल्या मनात बहिणीचं गाठोडं बांधायचो.

मग आरशांचा प्रयोग झाला. परसातल्या विहिरीच्या कठड्यावर एक मोठा आरसा, स्वयंपाकघराच्या दारावर दुसरा. ऊन पहिल्यातून दुसऱ्यात आणि दुसऱ्यातून थेट माजघरात. पहिल्या दिवशी ते नेमकं देव्हाऱ्यावर पडलं. दाजींच्या आई, त्यांना सगळे माई म्हणत, हात जोडून उभ्याच राहिल्या. सूर्यनारायण आपल्या पायांनी देवघरात आला, माझा मुलगा गुणाचा आहे, असं त्यांनी पेठभर सांगितलं, आणि दुसऱ्या दिवशी चार बायका दर्शनाला बोलावल्या. पण सूर्य काही देव्हाऱ्यापाशी थांबणारा नव्हे. बायका बसल्या होत्या तोवर उजेड हळूहळू सरकत कोपऱ्यात गेला, आणि तिथे माई मिशेरी लावत बसलेल्या सापडल्या. मिशेरी सोडली म्हणून त्यांनी देवापुढे शपथ घेतली होती आणि त्या शपथेचा बोलबालाही पेठभर झाला होता. त्याच संध्याकाळी आरसे दुकानात परत गेले. दाजी मला म्हणाले, "प्रयोग यशस्वी झाला होता, मास्तर. जरा जास्तच."

यानंतर कुणीही शहाणा माणूस गप्प बसला असता. दाजींनी भिंत फोडली. माई नाते गावी बहिणीकडे गेल्या होत्या तो मुहूर्त साधून त्यांनी शेजाऱ्याची परवानगी काढली, पहार घेतली आणि सामाईक भिंतीला छातीच्या उंचीवर भोक पाडायला घेतलं. भिंत मातीची, पण जाड. दुपारपर्यंत हे घामाघूम. शेवटची माती पलीकडे पडली आणि भोकातून शेजारच्या वहिनी हातात कंदील घेऊन डोकावल्या. "भावोजी, काय पाहिजे होतं?" दाजी म्हणाले, "उजेड." वहिनी म्हणाल्या, "तो आमच्याकडेपण नाही हो." आणि असणार कुठून? त्यांचं माजघरही तसंच दोन भिंतींच्या मधोमध. इतके दिवस उजेडाचा ध्यास घेतलेल्या माणसाला भिंतीपलीकडे काय आहे, एवढं विचारायचं सुचलं नव्हतं. मी इतका हसलो की आक्काने मला परसात हाकललं.

पण ते भोक बुजवायचं काही झालं नाही. दाजींनी त्याला लाकडी चौकट बसवली, छोटी दारं लावली, आणि त्यातून आमटीच्या वाट्या, विरजण आणि सगळ्या पेठेच्या बातम्या इकडून तिकडे जाऊ लागल्या. आक्का आणि वहिनी चौकटीच्या दोन बाजूंना बसून तांदूळ निवडायच्या. कंदील मधे चौकटीत ठेवायचा, म्हणजे एकात दोन्ही घरांचं भागायचं. आक्का पहिल्यासारखी कुडपणची आठवण काढेनाशी झाली. एकदा तर मलाच म्हणाली, "तेंला सांग रे, आता पुरे. मी कुठं जातेय?" मी सांगितलं. दाजी म्हणाले, "ती नाही जायची, ते मला ठाऊक आहे. पण मी शब्द दिलाय." पुढे पेठेत वीज आली आणि माजघरात दिवा लागला, तेव्हा आम्हाला वाटलं, सुटलो. दाजींनी बटण दोनदा दाबून बघितलं आणि म्हणाले, "चांगला आहे. पण हा वायरमनचा आहे, सूर्याचा नाही."

खरा उपाय सगळ्यांना दिसत होता, पण बोलायची कुणाची छाती नव्हती. एका शाकारणीला दाजींनी छपरात काचेचं कौल बसवलं होतं. ऊन त्यातून आत आलं, पण माळ्यावरच अडकलं. तिथल्या भोपळ्यांची मजा झाली. माळ्याच्या दोन-तीन फळ्या काढल्या की ऊन खाली येणार, हे कुणालाही कळत होतं. पण तो माळा माईंच्या यजमानांनी स्वतःच्या हाताने घातलेला, आणि ते गेल्यावर माईंनी त्याचा खिळासुद्धा हलू दिला नव्हता. दाजींनी एकदाच विषय काढला. माई म्हणाल्या, "मी गेल्यावर काढ." दाजी म्हणाले, "मग राहू दे." त्यानंतर त्यांनी वर बघायचंही सोडलं. दुसऱ्यांची आढी न्याहाळणारा हा माणूस स्वतःच्या घरात मान खाली घालून वावरायचा, ते बघून मला पहिल्यांदाच त्यांची कीव आली.

मग माईंचे गुडघे गेले. थंडीच्या दिवसांत दाजी त्यांना रोज उचलून परसात उन्हात बसवायचे, आणि शेजारीपाजारी बघतात म्हणून माई रोज रडवेल्या व्हायच्या. एका सकाळी मी तिथेच होतो. दाजी उचलायला वाकले तर माईंनी त्यांचा हात बाजूला केला. "सुताराला बोलाव," म्हणाल्या. "काढ त्या फळ्या. त्यांनी घातल्या होत्या, मी काढायला सांगतेय. त्याचा दोष तुझ्या माथी नको." दाजी चप्पल न घालताच सुताराकडे गेले.

दुपारी फळ्या निघाल्या. वरची सगळी धूळ आमच्या डोक्यावर पडली, आणि ती खाली बसल्यावर तिच्यातून ऊन उतरलं. जमिनीवर सुपाएवढा तुकडा. खरं, पिवळं ऊन. ते बरोबर माईंच्या अंथरुणावर पडलं होतं. माईंनी पाय त्यात क्षणभर ठेवले, मग काढून घेतले आणि आक्काला म्हणाल्या, "तू बस आधी. तुझ्यासाठी आणलंय त्याने. इतकी वर्षं मीच वाटेत होते." आक्का "नको, तुम्हीच बसा" म्हणत होती, पण माईंनी तिला हाताला धरून बसवलं. दाजी भिंतीला टेकून उभे. तोंड, केस, मिशा सगळं धुळीने पांढरं. आक्काने वर त्यांच्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "आलं हो." मला रडू आलं. मी डोळ्यात धूळ गेल्याचं सांगितलं आणि ते कुणी खरं धरलं नाही.

माई पुढे बरीच वर्षं त्या उन्हात पाय शेकत होत्या. ऊन सरकेल तसं आक्का त्यांचं अंथरूण सरकवायची. त्या गेल्या. पुढे दुकान पुतण्याने घेतलं, आणि दाजींचे डोळे अधू होत होत अगदीच गेले. आता ते दुपारी जेवण झालं की माजघरात पाटावर येऊन बसतात आणि विचारतात, "आलं का गो?" हे 'गो' त्यांनी आमच्या आक्काकडून उचललं, पेठेत असं कुणी बोलत नाही. आक्का तांदूळ निवडता निवडता म्हणते, "आलं." मग ते तळहात पुढे करून बसतात.

मागच्या श्रावणात मी गेलो होतो तेव्हा बाहेर काळंकुट्ट होतं, छपरावर पाऊस कोसळत होता आणि माजघरात विजेचा दिवा लावावा लागला होता. दाजींनी नेहमीसारखं विचारलं. आक्काने माझ्याकडे बघून मला डोळ्यांनी गप्प केलं आणि म्हणाली, "आलं." दाजींनी तळहात पुढे केला, थोडा वेळ तसाच धरला. पाऊस काय त्यांना ऐकू येत नव्हता?

"आज जरा कोवळं आहे," ते म्हणाले.