सलव्याहून यायची ओळ

साऱ्या आखातात खऱ्या अर्थाने सीमेवर राहणारे मराठी कवी दोनच, असं आमच्या भाऊजींचं ठाम मत होतं, आणि त्यातले एक ते स्वतः, दर शुक्रवारी माझ्याकडे जेवायला येणारे. भाऊजी म्हणजे माझ्या नवऱ्याचे मावसभाऊ. मूळचे नाशिकचे, म्हणजे कुठल्याही देशाच्या सीमेशी काडीचा संबंध नसलेले. पण नोकरी लागली ती कतार आणि सौदीच्या मधल्या अबू समरा नाक्यावर, मालाचे कागद तयार करणाऱ्या एका कंपनीत. नव्या स्टेडियमसाठी येणाऱ्या फरश्या, सळ्या, खुर्च्या सगळं त्यांच्या खिडकीसमोरून जायचं. पहिल्याच महिन्यात त्यांनी जाहीर केलं की आपण आता सीमावासी आहोत आणि यापुढे आपण लिहू ते सीमासाहित्य.

कतारला फुटबॉलचा वर्ल्ड कप भरवायचा मान मिळाला तेव्हा सरकारने रस्ते खणायला घेतले आणि दोह्यातल्या आमच्या मराठी मंडळाने स्मरणिका काढायला घेतली. दोन्ही कामं वर्षानुवर्षं चालली. स्मरणिका माझ्याकडे आली, कारण मंडळात ईमेलला उत्तर देणारी मी एकटीच. कविता भरपूर जमल्या. सगळ्या फुटबॉलवर, आणि सगळ्यांच्या शेवटच्या ओळीत गोल. मुऐदरला आमच्या घरी आमटी भुरकत भाऊजींनी त्या चाळल्या आणि म्हणाले, "वहिनी, या एसीतल्या कविता. यांना वारा लागलेला नाही." आणि अनुक्रमणिका त्यांनी स्वतःच लावून दिली. जो सीमेच्या जितका जवळ राहतो, त्याचं नाव तितकं वर. मला कवितेतलं फारसं कळत नाही, पण पद्धत कळते, आणि ही पद्धत बिनतोड होती. तिच्यात वशिल्याला जागाच नव्हती. आमचे अध्यक्ष सीमेपासून लांब, दोह्याच्या वेस्ट बेला बँकेत. ते गेले पार खाली.

"मी शेवटून दुसरा?" अध्यक्षांनी मीटिंगमध्ये विचारलं.

"शेवटी पार उत्तरेकडच्या अल खोरच्या जोशीबाई आहेत," भाऊजी म्हणाले. "त्यांची काही तक्रार नाही."

"अहो, पण कवितेचा दर्जा वगैरे?"

"तो वाचकाने बघायचा. आपण अंतर बघायचं."

अनुक्रमणिकेत पहिल्या जागी दोन नावं जोडीने होती, भाऊजींचं आणि मुश्ताकभाईंचं. मुश्ताकभाई रायगडचे, पलीकडे सौदी हद्दीत सलव्याला तेच कागदांचं काम करणारे. दोघांनी एकमेकांना कधी पाहिलं नव्हतं. दोन्हीकडे ये-जा करणाऱ्या एका पठाण ड्रायव्हरने त्यांची ओळख करून दिली होती, तीही, पलीकडचा मुन्शी तुमच्याच बोलीत बडबडतो, एवढीच. तेवढ्यावर भाऊजींनी एका चिठ्ठीवर ओळ लिहिली, 'इकडे वाळू, तिकडे वाळू, मध्ये शिक्क्याची खिडकी', आणि मालाच्या कागदांबरोबर पाठवून दिली. परतीच्या ट्रकमधून उत्तर आलं, 'वारा शिक्का घेत नाही, त्याची वाट जरा तिरकी'. झालं. मग एक ओळ इकडची, एक तिकडची, अशी ती कविता वाढत गेली. ड्रायव्हरला मराठी येत नव्हतं, पण कागद घेताना तो न चुकता विचारायचा, "मुन्शीजी, आज का शेर?" एकदा चिठ्ठी चुकून बिलांना टाचली गेली आणि खिडकीवाल्याने इतर कागदांबरोबर तिच्यावरही शिक्का मारला. भाऊजींनी त्या ओळीची फ्रेम केली. "सरकारी शिक्का बसलेली कविता दाखवा दुसरी," असं ते येईल त्याला ऐकवायचे.

मी व्यवहारी बाई. म्हटलं, "भाऊजी, फोन नंबर घ्या ना त्यांचा. व्हॉट्सअ‍ॅपवर दोन दिवसांत कविता पूर्ण होईल."

त्यांनी घास खाली ठेवला. "वहिनी, फोनला सीमा कुठे लागते? ओळ ओलांडून जायला पाहिजे."

मी अर्धं पान त्यांच्या कवितेला दिलं आणि शेवटची ओळ कधी मिळेल विचारलं. म्हणाले, "इन्शाल्ला." हे उत्तर मी तोवर फक्त प्लंबरकडून ऐकलं होतं.

मग एका जूनमध्ये सकाळी उठलो तर सौदीने कतारशी संबंध तोडून सीमाच बंद केलेली. सुपरमार्केटमध्ये दुधासाठी झुंबड उडाली. मी काय काय आणायचं ते लिहीत बसले होते, तेवढ्यात भाऊजींचा फोन. मला वाटलं नोकरीचं काही असेल.

"वहिनी, ओळ पलीकडे गेलीय. ट्रक परत आला नाही."

ती ओळ होती, 'तुझ्याकडला दिवा दिसतो, माझा दिसतो का तुला?' आता असा प्रश्न विचारून ठेवायचा आणि दार बंद व्हायचं.

माल समुद्रातून यायला लागला. कंपनीने भाऊजींना वेस्ट बेच्या ऑफिसात आणून बसवलं, पंचविसाव्या मजल्यावर. त्याच शुक्रवारी त्यांनी अनुक्रमणिका मागून घेतली आणि स्वतःचं नाव खाली, अध्यक्षांच्या शेजारी नेऊन लिहिलं. अध्यक्षांनाच कसंतरी झालं. "अहो, राहू द्या वर," ते म्हणाले. भाऊजी म्हणाले, "नियम म्हणजे नियम." त्यानंतर ते आमटी भुरकेनासे झाले.

काही वर्षांनी सीमा उघडली. पहिल्याच सुट्टीला भाऊजी नाक्यावर गेले आणि तीच ओळ नव्या ट्रकबरोबर पाठवली. ट्रक परत आला. ड्रायव्हरही नवा होता. म्हणाला, "वो मुन्शी तो खलास करके घर चला गया." म्हणजे नोकरी संपवून, कायमचा. मी दोह्यातल्या रायगडकरांकडे दोन फोन केले आणि मुश्ताकभाईंचा गावचा पत्ता, नंबर सगळं काढून भाऊजींच्या हातात दिलं. त्यांनी पत्ता ठेवून घेतला. नंबर परत दिला.

गेल्या हिवाळ्यात भाऊजींचंही काम संपलं आणि ते नाशिकला गेले. विमानतळावर मी म्हटलं, "आता बरं झालं. दोघं एकाच राज्यात."

"तेच तर," ते म्हणाले. "आता मध्ये काहीच नाही. ओळ जाणार कशावरून?" एवढं बोलून ते आत गेले. मागे वळून बघायचं मी सांगितलं होतं, ते विसरले.

द्राक्षांच्या दिवसांत त्यांचा फोन आला. आवाज जुना होता, शुक्रवारचा. "वहिनी, सापडली. जिल्ह्याची हद्द आहे की मध्ये, पाटी लावलेली. लहान आहे, पण चालेल. रायगडला जाणाऱ्या द्राक्षाच्या टेम्पोतून पाठवलीय."

"कुठली ओळ?"

"तीच. दिव्याची."

"अहो, नाशिकचा दिवा त्यांना तिथून कसा दिसणार?"

"म्हणूनच विचारलंय ना," भाऊजी म्हणाले.

आता वर्ल्ड कप तोंडावर आला आहे. स्टेडियमं तयार आहेत, रस्ते जवळजवळ तयार आहेत, आणि स्मरणिका या आठवड्यात छापायला जाईल. बाकी सगळी पानं लागली. त्या एका अर्ध्या पानावर दिव्याचा प्रश्न आहे आणि त्याखाली एका ओळीची कोरी जागा. अध्यक्ष काल म्हणाले, तिथे मिठाईच्या दुकानाची जाहिरात बसेल. मी म्हटलं, नाही बसणार. टेम्पो यायचाय अजून.