डाव्या टोकाचे तायडे काका

ऑलिंपिकमधलं वेटलिफ्टिंग टीव्हीवर लागलं, की तायडे काका खेळाडू बाजूला होण्याची वाट बघत बसायचे. गेल्या खेपेस ते आमच्याच घरी होते. एका मुलीनं बार डोक्यावर नेऊन धरला, पंचांचे तीन पांढरे दिवे लागले आणि ती तिथंच गुडघे टेकून रडायला लागली. माझे बाबा सहसा कशानं हलत नाहीत, पण तेही खुर्चीतून अर्धे उठले. काका म्हणाले, "हटेल का ही आता? मागचं काही दिसत नाहीये." यथावकाश ती हटली. मग एकसारख्या कपड्यांतली दोन माणसं आली, बारच्या दोन टोकांशी वाकली, वजनाच्या प्लेटा बदलून निघून गेली. काका पुढे सरकून बसले होते. "डावीकडचा बढ़िया आहे. उजवीकडचा कमरेतून वाकतो. दो साल में कमर जाएगी उसकी." एवढं सांगून त्यांनी गार झालेला चहा उचलला.

बाकीचे खेळही ते याच नजरेनं बघत. लांब उडी लागली, की उडी कुणी किती मारली याच्याशी त्यांना देणंघेणं नसे. वाळू सारखी करणारा माणूस कोपऱ्यापर्यंत फावडं नेतो की मधल्यामध्ये उरकतो, हे ते बघत. पोहण्याच्या शर्यतीत खेळाडूंच्या कपड्यांच्या टोपल्या उचलणाऱ्यांवर त्यांचं लक्ष असे. फेकलेला भाला आता एका छोट्या खेळण्यातल्या गाडीत घालून परत आणतात, हे कळल्यावर ते दोन दिवस नाराज होते.

याचं कारण काका स्वतः लोडर होते. वेटलिफ्टिंगच्या स्पर्धेत प्रत्येक खेळाडू आपल्याला हवं तेवढं वजन सांगतो आणि पुकारा झाला की लोडर बारच्या दोन्ही टोकांना तेवढ्या प्लेटा चढवतात. इंदूरमध्ये स्पर्धा कुठेही असो, डावं टोक काकांचं आणि उजवं पप्पू भियांचं. इंदुरात भैयाला भिया म्हणतात. पप्पू भिया सिटी बस चालवत. काका पाणीपुरवठ्याच्या कचेरीत बाबू होते. घराणं महूचं, आजोबा पलटणीत होते. पण काका बरीच वर्षं बड़ा गणपतीला आमच्या मागच्या गल्लीत राहत होते. प्लेटा चढवून झाल्या की पप्पू भिया विचारत, "लेफ्ट, रेडी?" काका म्हणत, "रेडी." मग दोघं मागे सरत. दिवसभरात त्या हॉलमध्ये सगळ्यांत जास्त वजन हेच दोघं उचलत, आणि मेडलं वाटायची वेळ आली की खुर्च्या लावायला जात. याचं काकांना कधी वाईट वाटलं नाही. ते म्हणत, "बेटा, लोडर लोकांना दिसला, म्हणजे समज काहीतरी गडबड झाली."

दोन्हीकडे सारखं, हे त्यांच्या अंगात इतकं मुरलं होतं की त्यांना एका हातात पिशवी धरून चालताना मी कधी पाहिलं नाही. हातोदच्या बाजारातून किलोभर लसूण आणला, तरी अर्धा अर्धा करून दोन पिशव्यांत. दुकानदार वैतागून म्हणे, "बाबूजी, एक में आ जाएगा." काका शांतपणे सांगत, "आ जाएगा भिया, पर मैं टेढ़ा चलूँगा."

त्यांचं स्वतःचं वजन साठ किलो होतं. स्पर्धेच्या सकाळी खेळाडूंची वजनं घेण्याआधी काका एकदा काट्यावर उभे राहत. साठ दाखवले तर काटा बरोबर, नाही तर काटा बिघडलेला, यावर सगळ्यांचं एकमत होतं. एका वर्षी काट्यानं साडेसाठ दाखवले, तेव्हा दुसरा काटा मागवण्यात आला. आदल्या दिवशी काकांच्या भाच्याचं लग्न होतं, हे काकूंनी मला पुष्कळ नंतर सांगितलं.

मी अकरावीत असताना पहिल्यांदा वेटलिफ्टिंगच्या सरावाच्या हॉलमध्ये गेले. कोच यायचे होते. काका फरशी झाडत होते. त्यांनी झाडू भिंतीला टेकवला आणि माझ्या पुढ्यात एक बार आणून ठेवला. मी विचारलं, "किती किलोचा आहे?"

"पंद्रह. मुलींचा बार पंधराचा असतो. एक महिना हाच उचलायचा."

"रिकामाच?"

"रिकामा नीट उचलता येत नाही आणि बात करते नॅशनलची!"

मी नॅशनलचं नावही काढलं नव्हतं. पण महिनाभर रिकामा बार उचलता उचलता ते डोक्यात शिरलं, ते शिरलंच.

बाबांना हे काही पसंत नव्हतं. आमचे पणजोबा दरबारात कारकून होते. त्यांची पगडी कपाटात आहे आणि रुबाब बाबांकडे. मुलीनं लोखंड उचलावं, हे त्यांना त्या पगडीसमोर बोलायचीही लाज वाटे. मी बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला गेले तेव्हा त्यांनी अट घातली. यंदा राज्याच्या संघात नाव आलं तर खेळ, नाही तर हे सगळं बंद. मी हो म्हटलं, कारण दुसरं काही म्हणायची सोय नव्हती.

निवड चाचणीला बाबा स्वतः आले आणि शेवटच्या रांगेत बसले. माझ्या वजनी गटात संघातली एकच जागा होती, आणि दुपारपर्यंत ती मी आणि उज्जैनची एक मुलगी यांच्यात राहिली. तिचे तिन्ही प्रयत्न झाले होते. माझा तिसरा बाकी होता. मी चौऱ्याण्णव किलो उचलले तर जागा माझी, नाही तर तिची, एवढं सोपं होतं. बारवर आधी माझे ब्याण्णव होते. चौऱ्याण्णव करायचे म्हणजे दोन्ही टोकांची एक किलोची हिरवी प्लेट काढून तिथे दोन किलोची निळी लावायची. काका आणि पप्पू भिया आले, वाकले, "लेफ्ट, रेडी?" "रेडी," आणि मागे सरले.

मी उचललं. वर नेताना उजवा हात जरासा मागे राहिल्यासारखा वाटला, पण बार डोक्यावर थांबला आणि तीन पांढरे दिवे लागले. पप्पू भियांनी टाळ्या वाजवल्या. लोडरनं टाळ्या वाजवायच्या नसतात, पण त्यांनी वाजवल्या. शेवटच्या रांगेत बाबा उभे राहिलेले मला दिसले. इतका आनंद मला त्याआधी कधी झाला नव्हता.

काका बारच्या प्लेटा उतरवायला वाकले आणि तसेच राहिले. त्यांच्या हातात छोटी प्लेट होती. ती त्यांनी डाव्या तळव्यावर तोलली, मग उजव्या. डोळ्यांजवळ नेऊन तिच्यावरचा आकडा वाचला. मग ते चौथरा ओलांडून पंचांच्या टेबलाकडे चालायला लागले. काकांना चौथऱ्याच्या मधून चालताना कुणी कधी पाहिलं नव्हतं, त्यामुळे अख्खा हॉल त्यांच्याकडे बघत राहिला.

"साब, गलती हो गई," ते म्हणाले. "लेफ्ट में हरी लग गई. एक किलो कम था."

पंच भला माणूस होता. तो खालच्या आवाजात म्हणाला, "किसी ने देखा नहीं, तायडेजी. लड़की ने उठा लिया ना, जाने दो."

"उठाया तिरानवे है साब. लिखा चौरानवे है."

नियमाप्रमाणे मला बरोबर वजनाचा आणखी एक प्रयत्न मिळाला. या वेळी काकांनी निळी प्लेट आधी पप्पू भियांना दाखवली आणि मग लावली. मी बार खांद्यांपर्यंत आणला, वर ढकलला, कोपर वाकलं आणि बार पुढे पडला. जागा उज्जैनच्या मुलीला गेली. मला काकांचा मनापासून राग आला. चूक त्यांची, कुणी पाहिलेली नाही, आणि शिक्षा मला. निघताना ते दाराशी उभे होते, मी मान वळवून गेले.

तिसऱ्या दिवशी सकाळी ते घरी आले. एका पिशवीत सहा केळी, दुसरीत सहा. मी आतल्या खोलीत गेले, पण दार पूर्ण लावलं नाही. काका बाबांना म्हणाले, "साहेब, डोळ्यांत मोतीबिंदू आहे. सहा महिने झाले. निळं-हिरवं मला एकसारखंच दिसतं. ऑपरेशन केलं असतं तर सीझन गेला असता, म्हणून कुणाला बोललो नाही. हाताच्या अंदाजानं चालवत होतो, हात कधी चुकला नाही. त्या दिवशी तो पण घाबरला."

"हात कशाला घाबरेल?" बाबांनी विचारलं.

"आपल्या बेटीचा तिसरा प्रयत्न होता ना."

काकांनी दोन्ही पिशव्या टेबलावर शेजारी शेजारी ठेवल्या. मग काका म्हणाले, "तिला एक साल अजून द्या."

"तायडेजी," बाबा म्हणाले, "पोरीची जागा घालवली तुम्ही, आणि वर साल पण तुम्हीच मागता?"

"घालवली मी साहेब. मग मागायला दुसरा कोण येणार?"

 बाबांनी एका पिशवीतून केळं काढलं आणि सोलायला घेतलं. आमच्याकडे याला होकार समजतात. काकांनी ताबडतोब दुसऱ्या पिशवीतलं एक केळं काढून आईच्या हातात दिलं.

ऑपरेशन झालं. दोन आठवडे काका हिरवा चष्मा घालून हिंडले. मग रोज सकाळी सहाला ते हॉलमध्ये येऊ लागले. पप्पू भियांची तेव्हा बसवर ड्यूटी असे, त्यामुळे काका डावीकडे प्लेट लावत, बारला वळसा घालून उजवीकडे लावत, परत डावीकडे येऊन उभे राहत. वर्षभर त्यांनी हे केलं. कचेरीला ते एकदाही उशिरा गेले नाहीत, असं काकू म्हणतात. माझा राग कधी गेला ते मला नक्की सांगता येणार नाही. एकदा मी त्यांना विचारलं, "काका, सांगितलं नसतं तर?"

ते प्लेट पुसत होते. "तर सगळे म्हणाले असते, चौरानवेवाली आली. आणि मला माहीत असतं, तिरानवेवाली आहे. मग तुला शाब्बास कसं बोललो असतो मी?"

पुढच्या चाचणीत मी शहाण्णव उचलले. काकांनी बार उतरवला, दोन्ही टोकांच्या प्लेटा एकेक करून हातावर तोलल्या, खुर्च्या लावल्या, आणि जिन्यात गाठून मला शाब्बास म्हणाले. नॅशनलमध्ये मी सहावी आले. आता मी विजय नगरला एका ऑफिसात काम करते आणि रविवारी हॉलवर जाते. नव्या मुली आल्या की त्यांना महिनाभर रिकामा बार देते. त्यांना ते आवडत नाही.

या थंडीत काका गेले. सकाळी पाणी भरत होते, दोन्ही हातांत बादल्या होत्या. काकूंनी पाहिलं, की त्यांनी बादल्या आधी खाली ठेवल्या, मग ओट्याला टेकून बसले. बादल्या सारख्या भरलेल्या होत्या, हे काकूंनी मला दोनदा सांगितलं.

घरासमोर त्रिशरण-पंचशील झालं. मग उचलायची वेळ आली. पप्पू भियांनी न विचारता पुढचं उजवं टोक धरलं. मागे दोघं पुतणे होते. पुढचं डावं मोकळं होतं. मी पुढे झाले तेव्हा गर्दीतून कुणीतरी म्हणालं, "अरे, लड़की को रहने दो." काकू दारातून म्हणाल्या, "धरू द्या तिला. डावीकडचं तिचंच आहे."

काका अखेरपर्यंत साठ किलोचे होते. चौघांत वाटले तर माझ्या वाट्याला पंधरा आले, रिकाम्या बारएवढे. पहिल्यांदा मला ते उचलवेनात. दुसऱ्यांदाही नाही. पप्पू भिया थांबले, त्यांनी हळूच विचारलं, "लेफ्ट, रेडी?"

मी म्हटलं, "रेडी." आणि आम्ही काकांना उचललं, दोन्हीकडून सारखं.